टायबरच्या वरच्या अंगाला

माझं माहेर माणगाव तालुक्यातलं. आमच्याकडे शाळेत जाणाऱ्या प्रत्येक पोराला एक नाव पाठ असतं: नाईक यशवंत घाडगे, व्हिक्टोरिया क्रॉस, म्हणजे इंग्रजांच्या सैन्यातलं सर्वोच्च शौर्यपदक. माणगावात त्यांचा पुतळा आहे. मुंबई-गोवा रस्त्यावरच्या गाड्या हॉर्न वाजवत निघून जातात, पण आम्ही एसटीतून उतरलो की नजर तिकडे जातेच. गुरुजी दरवर्षी तीच गोष्ट सांगायचे आणि आम्ही दरवर्षी तितकंच मन लावून ऐकायचो. तारीख १० जुलै १९४४. इटली. टायबर नदीचं वरचं खोरं. मला कितीतरी वर्षं ते ‘टायगर नदी’ असंच ऐकू यायचं, आणि वाघांच्या नदीवर लढणारा आमच्या तालुक्यातला माणूस मला अगदी स्वाभाविक वाटायचा.

घाडगे मराठा लाइट इन्फन्ट्रीत होते. वय बावीस. त्यांची तुकडी अगदी जवळून मशीनगनच्या माऱ्यात सापडली. बरोबरचे सगळे मेले किंवा जखमी होऊन पडले, हे एकटे उभे राहिले. ते तसेच धावत सुटले. हातबॉम्ब टाकून त्यांनी मशीनगन आणि ती चालवणारा असे दोन्ही गारद केले, आणखी एकाला गोळी घातली, आणि मॅगझिन बदलायला सवड नव्हती म्हणून उरलेल्या दोघांना हातातल्या बंदुकीच्याच तडाख्यांनी लोळवलं. मग दडून बसलेल्या नेमबाजांच्या गोळ्या लागल्या आणि ते तिथेच कोसळले. त्यांची कबर नाही. कासिनोच्या युद्धस्मारकावर नाव आहे.

एकदा मी वर्गात हात वर करून विचारलं होतं, “गुरुजी, इटलीशी आपलं भांडण कशाचं होतं?” गुरुजी जरा थांबले आणि म्हणाले, “भांडण इंग्रजांचं, पोरं आपली.” उत्तर खरंच होतं. आज इतक्या वर्षांनीही मला त्यातला एक शब्द बदलावासा वाटत नाही. पण ते अर्धं होतं. उरलेलं अर्धं शोधत मी बरंच वाचत आले, बहुतेक लोकलमध्ये, खिडकीची जागा मिळाली की. आणि वाचता वाचता एक दिवस मला तीच नदी पुन्हा भेटली. खालच्या अंगाला, रोममध्ये. १० जुलै १९४४ पासून बरोबर वीस वर्षं आणि एक महिना आधी: १० जून १९२४.

त्या दिवशी दुपारी साडेचारच्या सुमारास जाकोमो मत्तेओत्ती नावाचा एक खासदार घरातून निघून टायबरच्या काठच्या रस्त्याने चालला होता. काळी लान्चिया गाडी थांबली, चार-पाच माणसं उतरली, त्यांनी त्याला झोडपत आत कोंबलं आणि गाडी गेली. यशवंत घाडगे तेव्हा अडीच वर्षांचे होते. आमच्या वाडीतल्या त्या अंगणात रांगणं नुकतंच संपून धावणं सुरू झालं असेल. ह्या दोन माणसांचा एकमेकांशी काय संबंध? मला वाटतं, घट्ट संबंध आहे, आणि तो सांगायचा तर नदी सोडून जरा उत्तरेला, पो नदीच्या सखल मुलखात जावं लागेल.

फॅसिझम म्हटलं की आपल्या डोळ्यांपुढे मोठे चौक, झेंडे, सज्ज्यातून गर्जणारा नेता येतो. सुरुवात तशी नव्हती. २३ मार्च १९१९ ला मिलानमधल्या एका सभागृहात बेनितो मुसोलिनीने संघटना काढली तेव्हा शे-दोनशे माणसं जमली असतील नसतील. त्याच वर्षी नोव्हेंबरात निवडणूक झाली. मिलानमध्ये दोन लाख सत्तर हजारांच्या आसपास मतदान झालं, त्यातली पाच हजारसुद्धा त्याच्या यादीला मिळाली नाहीत. एकही जागा नाही. समाजवाद्यांनी मुसोलिनीची खोटी तिरडी काढून त्याच्या घरासमोरून मिरवली. चळवळ संपली असं सगळ्यांनाच वाटलं, आणि कागदावर ती संपलीच होती.

ती जिवंत केली पो खोऱ्यातल्या शेतांनी. फेरारा, बोलोन्या, रोविगो हा मुलूख पूर्वी दलदलीचा. एकोणिसाव्या शतकाच्या उत्तरार्धात चर खणून, पंप बसवून पाणी उपसलं आणि उत्तम काळी जमीन वर आली. चर खणायला आलेले हजारो भूमिहीन मजूर तिथेच राहिले. त्यांना रोजंदारीवर काम, तेही हंगामापुरतं. हिवाळ्यात चूल पेटायची मारामार. युद्धातून परत आलेल्या ह्या माणसांनी मजूर-संघ बांधले आणि ते इतके पक्के बांधले की १९२० पर्यंत कोणाच्या शेतावर कोण कामाला जाणार हे संघ ठरवू लागले. इतक्या हेक्टरमागे इतके मजूर घ्यायचे, हिवाळ्यातही घ्यायचे. जो मालक ऐकणार नाही त्याच्यावर बहिष्कार. ह्या बहिष्कारात जुलूम नव्हता असं मी म्हणणार नाही. छोट्या कुळांना, थोडी जमीन असलेल्यांनाही त्याचा जाच झाला, आणि ती माणसं पुढे दुसऱ्या बाजूला गेली त्याला हेही एक कारण आहे. शहरात कारखाने कामगारांच्या ताब्यात, गावोगावी नगरपालिकेवर लाल झेंडा. मालकवर्गाला वाटलं, आता रशियाच होणार.

तेव्हा त्यांना आठवण झाली ती मिलानमधल्या त्या मेलेल्या चळवळीची. २१ नोव्हेंबर १९२० ला बोलोन्यात नव्या समाजवादी महापौराच्या पदग्रहणाच्या दिवशी चौकात गोळीबार झाला, माणसं मेली, सभागृहात विरोधी बाकावरचा एक वकील नगरसेवकही मारला गेला. त्या दिवसानंतर वणवा पसरावा तशा टोळ्या पसरल्या. फेरारातल्या टोळ्यांचा म्होरक्या इतालो बाल्बो तेव्हा पंचविशीच्या आतला. त्याला चिटणीस म्हणून महिन्याच्या पगारावर नेमलं होतं. ट्रकला पेट्रोल मालकांचं. कित्येक ठिकाणी ट्रक आणि बंदुका लष्करी कोठारातून आल्या, आणि पोलीस पाठ फिरवून उभे राहिले.

हल्ला कसा व्हायचा ते खुद्द मत्तेओत्तींनी मार्च १९२१ मध्ये संसदेत सांगितलं होतं. मध्यरात्र. गाव झोपलेलं. ट्रक येतात आणि मजूर-संघाच्या चिटणिसाच्या झोपडीवजा घराला वेढा पडतो. आत तो, बायको, पोरं. बाहेरून हाक येते, खाली ये, नाहीतर घर पेटवतो. पोरं जळतील म्हणून तो खाली येतो. त्याला बांधून ट्रकमध्ये टाकतात, मारहाण करतात आणि पहाटे कुठेतरी रानात झाडाला उघडानागडा बांधून सोडून देतात. मत्तेओत्ती हे सांगू शकले कारण तो त्यांचाच मुलूख होता. रोविगोजवळच्या फ्रात्ता पोलेसिनेचे ते, घर बऱ्यापैकी जमीनजुमल्याचं, शिक्षण कायद्याचं, आणि बाजू मजुरांची घेतलेली. हे भाषण झालं आणि दोनच दिवसांनी त्यांना त्याच मुलखात पकडून ट्रकमध्ये घातलं गेलं, छळ झाला, आणि पुन्हा इकडे पाऊल टाकायचं नाही अशी ताकीद मिळाली.

आणि एरंडेल.

हे वाचलं तेव्हा मी पुस्तक मिटून बराच वेळ बाहेर बघत बसले होते. आमच्या घरी आजी महिन्या-दोन महिन्यांतून एकदा रविवारी सकाळी एरंडेल द्यायची. पितळेची वाटी, सुंठीच्या गरम काढ्यावर तरंगणारा तो जाड पिवळट तवंग, जिभेला आणि टाळ्याला चिकटून राहणारा. नाक दाबून घोट घ्यायचा आणि वर गुळाचा खडा. दुपारपर्यंत परसाकडे फेऱ्या. एखाद्याने कशाला नाक मुरडलं की आजही आम्ही म्हणतो, एरंडेल प्यायल्यासारखं तोंड काय केलंयस. त्या वाटीत आजीची माया होती. तेच तेल ह्या टोळ्यांनी हत्यार म्हणून उचललं. शाळामास्तर, संघाचा चिटणीस, सोसायटीचा मॅनेजर, कोणालाही धरायचं, जबडा उघडून ग्लासच्या ग्लास तेल ओतायचं आणि भर बाजारात सोडून द्यायचं, नाहीतर खांबाला बांधून ठेवायचं. शरीरातलं पाणी जाऊन माणसं मेलीसुद्धा. पण हेतू मारण्याहून वेगळा होता. ज्या माणसाचं गाव ऐकतं, ज्याच्याकडे लोक पत्र वाचून घ्यायला आणि भांडण सोडवायला येतात, त्याला त्याच गावापुढे, त्याच्या लेकरांपुढे कपड्यात घाण करायला लावायची. मग तो उद्या सभेत उभा राहून काय बोलणार? आणि ज्यांनी ते पाहिलं ते घरी जाऊन काय बोलणार? मला वाटतं, फॅसिझमचं अख्खं शास्त्र त्या एका ग्लासात आहे. तत्त्वज्ञान त्यांनी मागाहून लिहिलं.

१९२१ च्या पहिल्या सहा महिन्यांत ११९ कामगार भवनं आणि १०७ सहकारी संस्था उद्ध्वस्त झाल्याची नोंद आहे. सहकारी संस्था म्हणजे काय हे मराठी माणसाला समजावून सांगायला नको. पिढीभराच्या दहा-दहा पैशांच्या भागभांडवलातून उभं राहिलेलं दुकान, गोदाम, वाचनालय. रावेन्नातल्या सहकारी संघाची मुख्य इमारत जुलै १९२२ मध्ये बाल्बोच्या माणसांनी जाळली. मजुरांना मग कामासाठी एकच दार उरलं, फॅसिस्टांच्या नव्या मजूर-संघटनेचं. पोट कोणाला सुटलंय? कालचा लाल झेंड्याखालचा अख्खा गाव आज काळ्या झेंड्याखाली, आणि वर्तमानपत्रात बातमी, शेतकरी-मजुरांनी नव्या विचाराचं स्वागत केलं.

इथपर्यंतचं मला कळतं. गुंड आणि त्यांना पोसणारे जमीनदार हे जगाला नवीन नाही. माझं मन अडकतं ते त्यानंतर, कारण त्यानंतर जे झालं ते सभ्य माणसांनी केलं. ज्योवान्नी ज्योलित्ती हा इटलीचा सर्वांत मुरलेला राजकारणी. त्याने १९२१ च्या निवडणुकीत फॅसिस्टांना आपल्या आघाडीच्या यादीत घेतलं. हिशेब असा की पोरं दांडगट आहेत, पण समाजवाद्यांना वेसण बसेल, आणि संसदेत आली की वळणावर येतील. ३५ फॅसिस्ट निवडून आले. दीड वर्षापूर्वी शून्य होते.

हे थांबवता येत नव्हतं असं मात्र नव्हे. ऑगस्ट १९२२ मध्ये बाल्बो हजारो माणसं घेऊन पार्मावर चालून गेला. नदीपलीकडच्या ओल्त्रेतोर्रेन्ते ह्या गरीब वस्तीत ग्वीदो पिचेल्ली नावाच्या युद्धातून परतलेल्या माणसाने लोकांना उभं केलं. रस्त्यांचे दगड उपटून, बाकं, गाड्या, हाताला लागेल ते रचून अडथळे बांधले. बायका घराघरांतून अन्न पुरवत होत्या. काही दिवस झुंज चालली आणि बाल्बोला परत फिरावं लागलं. पार्मा मला फार जवळचं वाटतं. पण एक वस्ती देश वाचवू शकत नाही, आणि ज्यांच्या हातात देश होता ते वेगळ्या विचारात होते.

ऑक्टोबरच्या शेवटी रोमवरच्या मोर्चाची घोषणा झाली. पावसात भिजलेली, उपाशी, निम्म्यांकडे धड शस्त्र नसलेली काही हजार माणसं रोमच्या बाहेर जमली होती. आत शिस्तबद्ध लष्कर होतं. पंतप्रधान लुईजी फाक्ता यांच्या मंत्रिमंडळाने २८ ऑक्टोबरच्या पहाटे लष्करी कायदा लागू करायचं ठरवलं, जिल्ह्याजिल्ह्याला तारासुद्धा गेल्या. फाक्ता सकाळी सहीसाठी कागद घेऊन राजवाड्यावर गेले. राजा व्हिक्टर इमॅन्युएल तिसरा यांनी सही केली नाही. बस, एवढंच. तारा मागे घेतल्या गेल्या. मुसोलिनी तेव्हा मिलानमध्ये होता, स्वित्झर्लंडच्या सरहद्दीपासून फार लांब नाही. दुसऱ्या दिवशी राजाचं बोलावणं आलं आणि तो रात्रीच्या गाडीने रोमला आला. काळ्या डगलेवाल्यांचं संचलन ३१ तारखेला निघालं, सत्ता मिळाल्यानंतर. पुढची वीस वर्षं मात्र इटलीतल्या पोरांना शाळेत शिकवलं गेलं की रोम जिंकून घेतलं होतं.

राजाने सही का केली नाही याची कारणं अनेक दिली जातात. लष्कर फुटेल, चुलतभाऊ गादीवर बसेल, रक्तपात होईल. मला त्यातलं कुठलंच इतकं जड वाटत नाही की ज्याच्यासाठी एक सही थांबावी.

बाकीचं झपाट्याने झालं. नोव्हेंबर १९२३ मध्ये निवडणुकीचा नवा कायदा आला. ज्या यादीला सर्वाधिक मतं आणि ती किमान पंचवीस टक्के, तिला दोन-तृतीयांश जागा. हा कायदा फॅसिस्टांच्या मूठभर मतांवर मंजूर होणं शक्यच नव्हतं. उदारमतवाद्यांनी हात वर केले. एप्रिल १९२४ ची निवडणूक दंडुक्यांच्या सावलीत झाली. आंतोनिओ पिच्चिनीनी ह्या समाजवादी उमेदवाराचा तर प्रचाराच्या काळातच खून झाला होता. आणि ३० मे १९२४ ला मत्तेओत्ती नव्या संसदेत उभे राहिले. अर्ध्या तासाचं भाषण आरडाओरड्यामुळे दीड तास चाललं. कुठल्या गावात उमेदवाराला घरातून निघू दिलं नाही, कुठे सह्या गोळा करताना मारलं, कुठे मतपत्रिका कोणी भरल्या, ते एकेक सांगत गेले आणि समोरून शिव्या, बाकांवर मुठी. शेवटी त्यांनी ही निवडणूकच रद्द धरा अशी मागणी केली. बसताना ते सहकाऱ्यांना म्हणाले असं सांगतात की, माझं भाषण मी केलं, आता माझ्या मयतावरचं तुम्ही तयार करा. अकरा दिवसांनी ती गाडी आली.

इथे मला एक गोष्ट जवळून सांगायची आहे. त्या भागातल्या एका इमारतीच्या रखवालदारांना आदल्या दिवशी एक मोटार उगाच घुटमळताना दिसली होती. चोरबीर असतील म्हणून त्यांनी तिचा नंबर टिपून ठेवला. गुन्ह्याचा छडा त्या नंबरावरून लागला. गाडी एका फॅसिस्ट वर्तमानपत्राच्या संपादकाने मिळवलेली, आणि ती नेणारा आमेरीगो दुमीनी थेट मुसोलिनीच्या कार्यालयाशी संबंधित. राजा, सेनापती, माजी पंतप्रधान, तत्त्वज्ञ, ह्या सगळ्यांच्या त्या देशात त्या आठवड्यात आपलं काम चोख केलं ते इमारतीच्या दारावर बसणाऱ्या साध्या माणसांनी. मी हे वाचलं त्या संध्याकाळी आमच्या सोसायटीच्या वॉचमनची वही उघडून पाहिली होती. गाडी नंबर, वेळ, कोणाकडे. निळ्या शाईत, वळणदार अक्षरात.

१९२४ चा तो उन्हाळा. मुसोलिनी पुरता हादरला होता. लोक छातीवरचे फॅसिस्ट बिल्ले काढून खिशात घालत होते. नदीकाठी जिथून मत्तेओत्तींना उचललं तिथे लोक फुलं ठेवत होते. विरोधी खासदारांनी संसदेवर बहिष्कार घातला आणि राजा काहीतरी करील म्हणून वाट पाहत बसले. राजाने काही केलं नाही. जूनच्या अखेरीस सिनेटमध्ये विश्वासदर्शक ठराव आला आणि सरकारच्या बाजूने मत देणाऱ्यांत बेनेदेत्तो क्रोचे होते, इटलीतले सर्वांत मोठे विचारवंत. त्यांना वाटत होतं की सरकार पाडलं तर अनागोंदी माजेल, त्यापेक्षा ते हळूहळू कायद्याच्या वाटेवर येईल. पुढच्याच वर्षी क्रोचे फॅसिझमच्या विरोधात उघड उभे राहिले आणि शेवटपर्यंत राहिले, त्याबद्दल माझ्या मनात आदर आहे. पण त्या जूनमध्ये जे मत हवं होतं ते त्यांनी दिलं नाही. मत्तेओत्तींचा देह १६ ऑगस्टला रोमबाहेरच्या क्वार्तारेल्लाच्या रानात, उथळ खड्ड्यात सापडला. ३ जानेवारी १९२५ ला मुसोलिनी संसदेत म्हणाला की जे जे झालं त्याची राजकीय, नैतिक, ऐतिहासिक जबाबदारी मी एकटा घेतो. समोर कोणी उठलं नाही. त्या दिवसापासून हुकूमशाही. खुन्यांवर १९२६ मध्ये खटला झाला, दुमीनीचा वकील होता फॅसिस्ट पक्षाचा सरचिटणीस, आणि शिक्षा झालेले दोनेक महिन्यांत बाहेर आले.

१९३१ मध्ये विद्यापीठातल्या प्राध्यापकांना राजवटीशी निष्ठेची शपथ घ्यायला लावली. सुमारे बाराशे प्राध्यापक. ज्यांनी नकार दिला ते डझनभर. त्यांत गणितज्ञ व्हितो व्होल्तेरा होते, बोलोन्याचे शल्यचिकित्सक बार्तोलो निग्रिसोली होते, आणि पिएरो मार्तिनेत्ती होते, ज्यांनी तरुणपणी आपल्या सांख्य दर्शनावर प्रबंध लिहिला होता. नोकऱ्या गेल्या. उरलेल्या जवळजवळ बाराशेंवर दगड मारायला माझा हात उठत नाही. घरात म्हातारे आईवडील, लेकरांच्या फिया, आणि सही तर एका ओळीची. कित्येकांना विरोधी पुढाऱ्यांनीच सांगितलं होतं की सही करा पण जागा सोडू नका. मी स्वतः काय केलं असतं, हा प्रश्न मी स्वतःला विचारला आहे. उत्तर रात्री एक येतं आणि सकाळी दुसरं.

आपल्याकडच्या माणसांचंही थोडं बोललं पाहिजे, कारण त्या काळात इटलीची बातमी मराठी वाचकापर्यंत पोचत होती आणि शिस्त, संचलन, एका माणसाच्या जोरावर उभं राहिलेलं राष्ट्र ह्याचं कौतुक इथेही होतं. पारतंत्र्यातल्या माणसाला ती भूल का पडावी हे मला समजतं. नागपूरचे डॉ. बाळकृष्ण शिवराम मुंजे मार्च १९३१ मध्ये रोमला गेले, मुसोलिनीला भेटले, तिथल्या मुलांच्या ‘बालिल्ला’ ह्या निमलष्करी संघटनेच्या संस्था पाहिल्या आणि भारावून परतले. रवींद्रनाथ ठाकूर १९२६ मध्ये मुसोलिनीचे पाहुणे होते. सरबराई उत्तम झाली, शब्द कौतुकाचे निघाले. पुढे स्वित्झर्लंडमध्ये फ्रेंच लेखक रोमाँ रोलाँ आणि परागंदा इटालियन माणसांकडून खरी हकिगत कळली तेव्हा त्यांनी जाहीर पत्र लिहून आपली नापसंती नोंदवली. महाकवीनं असं उघडपणे मत फिरवणं मला मोठं वाटतं. आणि मार्च १९३६. कमलाबाईंचं नुकतंच निधन झालेलं, नेहरू त्यांच्या अस्थी घेऊन युरोपातून परत निघालेले, विमान रोमला थांबलेलं. मुसोलिनीची भेट घ्या म्हणून आग्रह सुरू. दुखवट्याचे दोन शब्द बोलायचे आहेत एवढंच, असं सांगणारा अधिकारी तासभर अडून बसला होता. नेहरू गेले नाहीत. त्या वेळी इटलीची विमानं ॲबिसिनियावर, म्हणजे आजच्या इथिओपियावर, विषारी वायू टाकत होती.

त्या वीस वर्षांत हा वारा युरोपभर होता. पण सगळीकडे घर पडलं नाही. फिनलंडमध्ये १९३२ साली लापुआ चळवळीची माणसं बंदुका घेऊन मेंत्सेलेला जमली, तेव्हा स्वतः कडवे उजवे असलेले अध्यक्ष स्विनहुवुद रेडिओवरून बोलले, घरी जा म्हणाले, आणि माणसं घरी गेली. ब्रसेल्समध्ये १९३७ च्या पोटनिवडणुकीत देग्रेल ह्या फॅसिस्ट पुढाऱ्यासमोर कॅथलिक, उदारमतवादी, समाजवादी, कम्युनिस्ट सगळ्यांनी मिळून एकच उमेदवार उभा केला आणि तो तीन-चतुर्थांश मतांनी जिंकला. जर्मनीत उलट झालं. नोव्हेंबर १९३२ मध्ये नाझींची मतं घटून ३३ टक्क्यांवर आली होती, आणि दोन-अडीच महिन्यांत फॉन पापेन वगैरे खानदानी मंडळींनी हिटलरला हाताला धरून खुर्चीवर बसवलं, ज्योलित्तीचाच हिशेब मनात धरून. २३ मार्च १९३३ ला सगळे अधिकार त्याच्या हाती देणारा कायदा ४४४ विरुद्ध ९४ मतांनी मंजूर झाला. ती ९४ मतं समाजवादी लोकशाहीवाद्यांची. इटली, जर्मनी, बेल्जियम, फिनलंड हे मी शेजारी शेजारी ठेवून पाहते तेव्हा गुंडांमध्ये मला फार फरक दिसत नाही. फरक दिसतो तो दार सांभाळणाऱ्यांत.

आणि मग त्या सह्यांची, न केलेल्या सह्यांची, विश्वासदर्शक मतांची वसुली सुरू झाली. गुरुजींच्या अर्ध्या उत्तराचा दुसरा अर्धा भाग मला इथे सापडला. १९४४ मध्ये मुसोलिनी पदच्युत होऊन उत्तरेत हिटलरच्या आधाराने तग धरून होता, उत्तर इटली जर्मन फौजांच्या ताब्यात, आणि टेकडी-टेकडीवर लढत वर सरकणाऱ्या सैन्यात कोकणातली, नगरची, साताऱ्याची पोरं होती. त्याच वेळी साताऱ्यात प्रतिसरकार चाललं होतं, गांधीजी नुकतेच तुरुंगातून सुटले होते, नेहरू नगरच्या किल्ल्यात बंदी होते. ज्या साम्राज्याने आपल्याला बांधलं होतं त्याच्याच वर्दीत आपली मुलं दुसऱ्या देशाच्या बेड्या तोडायला मरत होती. ह्याचा मेळ मला अजून घालता आलेला नाही, आणि घाडग्यांच्या शौर्याला त्याने उणेपणाही येत नाही. एप्रिल १९४५ मध्ये आणखी एक मराठा, नगर जिल्ह्यातले नामदेव जाधव, सेनियो नदीवर जखमी साथीदारांना पाठीवर घेऊन गोळीबारातून पाणी ओलांडत होते. सेनियो रावेन्नाच्या मुलखातली. तेवीस वर्षांपूर्वी जिथे बाल्बोच्या माणसांनी सहकारी संघाची इमारत जाळली होती, तोच मुलूख. जाधवांनाही व्हिक्टोरिया क्रॉस मिळाला. ते घरी परतले.

टायबरचा उगम फुमाइओलो डोंगरावर आहे. तो भाग पूर्वी तोस्कानाचा. १९२३ मध्ये मुसोलिनीने प्रांताची हद्द सरकवली, कारण रोमची पवित्र नदी आपल्या जन्मप्रांतातून उगम पावली पाहिजे. पुढे तिथे संगमरवरी खांब उभा केला, वर गरुड, खाली लांडग्यांची डोकी, आणि अक्षरं कोरली की रोमच्या भाग्याला पवित्र असलेली नदी इथे जन्मते. तो खांब अजून आहे. पाणी तिथून निघतं आणि उंब्रियाच्या टेकड्यांमधून खाली येतं, रोमकडे, मत्तेओत्ती चालत होते त्या काठाकडे. वाटेत वरच्या खोऱ्यात मोंतोने नावाचं छोटं गाव आहे. तिथल्या लोकांनी २०२३ च्या जुलैमध्ये यशवंत घाडग्यांचं स्मारक केलं. पुतळा नाही, सूर्यघड्याळ. आपण सगळे एकाच सूर्याखाली आहोत अशा अर्थाचे लॅटिन शब्द त्याच्याबरोबर आहेत.

१० जुलैला माणगावात पाऊस नुसता कोसळत असतो. भाताची लावणी चाललेली, रस्त्यावर गुडघाभर पाणी, पुतळ्याच्या खांद्यांवरून पागोळ्या गळत असतात आणि वाहिलेला हार भिजून जड झालेला असतो. सूर्य दिसायचं नावच नाही. तिकडे मोंतोनेला मात्र त्या दिवसांत रखरखीत ऊन असतं, आणि दगडावरची सावली सरकत असते.